कुंपणाबाहेरचा संघ

वाङ्मयेतिहास शिकताना आणि शिकवताना ‘गौण’ हे विशेषण आपण फार सहजपणे वापरतो. गौण कवी, गौण कादंबरीकार, चार अंकांनंतर बंद पडलेले नियतकालिक, दशकभरात विरून गेलेली चळवळ. ही सारी शब्दयोजना वर्णनासारखी दिसते. प्रत्यक्षात ती निकालाची भाषा असते. निकाल कोणी दिला, कोणत्या पुराव्यावर दिला आणि पुरावा गोळा करणाऱ्याने कोणता पुरावा दाराबाहेरच थांबवला, हे प्रश्न मात्र वर्गात क्वचितच विचारले जातात. या प्रश्नांचा विचार करण्यासाठी आम्ही येथे साहित्याबाहेरचे, किंबहुना आपल्या देशाबाहेरचे एक उदाहरण घेत आहोत. ते आहे अमेरिकेतील मिशिगन राज्यातल्या ॲड्रियन या लहान गावाचे आणि तेथे अवघे चार मोसम टिकलेल्या एका बेसबॉल संघाचे.

बेसबॉल हा आपल्याकडचा खेळ नव्हे, आणि त्याचे नियम ठाऊक नसले तरी पुढील विवेचनात अडचण येऊ नये. एवढेच लक्षात घ्यावे, की या खेळाच्या व्यावसायिक जगात ‘गौण’ हे विशेषण टीकाकाराच्या ओठांवर नसून थेट संस्थेच्या नावात आहे. १८७६ मध्ये स्थापन झालेली नॅशनल लीग आणि १९०१ पासून तिच्या बरोबरीला आलेली अमेरिकन लीग या ‘मेजर’, म्हणजे प्रमुख. आणि शेकडो लहान गावांतून चालणाऱ्या, जन्मणाऱ्या व मरणाऱ्या बाकीच्या व्यावसायिक लीग ‘मायनर’, म्हणजे गौण. १९०१ मध्ये या गौण लीगांची एक राष्ट्रीय संघटना स्थापन झाली आणि त्यानंतर त्यांना ‘ए’पासून ‘डी’पर्यंत श्रेणी देण्यात आल्या. ही श्रेणी खेळाच्या दर्जावरून ठरत नसे. ती लीगमध्ये सामील असलेल्या गावांच्या एकत्रित लोकसंख्येवरून ठरे. म्हणजे खेळाडूच्या मनगटात किती बळ आहे, याआधी त्याच्या गावाच्या शिरगणतीत किती डोकी आहेत, हे पाहिले जाई. साहित्याच्या इतिहासातही प्रकाशनाचे शहर, अंकाची पृष्ठसंख्या आणि वितरणाचा पल्ला यांवरून मोठेपणा ठरवला जातो, याची आठवण आमच्या वाचकांना आम्ही करून देण्याची गरज नाही.

तर ॲड्रियन. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात नऊ-दहा हजार वस्तीचे गाव. जे. वॉलेस पेज नावाच्या एका शेतकऱ्याने तारेचे विणलेले कुंपण तयार करण्याची पद्धत शोधून काढली आणि त्यातून ‘पेज वोव्हन वायर फेन्स कंपनी’ उभी राहिली. काटेरी तार जनावरांना जखमी करी. विणलेली तार लवचिक होती, जनावराचा धक्का सोसून ती पुन्हा पूर्ववत होई. कंपनी वाढली आणि तिच्याबरोबर ॲड्रियनही वाढले. ‘कुंपणांची जागतिक राजधानी’ अशी बिरुदावली या गावाने मोठ्या अभिमानाने मिरवली. या कुंपण-कंपनीने १८९४ च्या शरद ऋतूत एका बेसबॉल संघाला आश्रय दिला आणि संघाचे नाव ठेवले ‘पेज फेन्स जायंट्स’. संघातील सर्व खेळाडू कृष्णवर्णीय होते. इतिहासाला कधी कधी अशी रूपके सुचतात, की लेखकाने ती सुचवली असती तर आपण त्याला भडक म्हटले असते. ज्यांच्या छातीवर ‘कुंपण’ हा शब्द शिवलेला होता, त्यांच्याभोवतीच एक न दिसणारे कुंपण घातले जात होते.

संघाची कल्पना कंपनीची नव्हती. ती बड फाउलर आणि ग्रँट जॉन्सन या दोन खेळाडूंची. दोघेही १८९४ मध्ये ओहायो राज्यातील फिंडले या गावच्या संघातून खेळत होते. संपूर्ण कृष्णवर्णीयांचा एक फिरता संघ काढावा, अशी त्यांची इच्छा होती. फिंडलेत भांडवल मिळाले नाही, म्हणून ते ॲड्रियनला आले. जॉन्सन तेव्हा ऐन विशीतला, पुढे संघाचा कर्णधार झालेला. फाउलर मात्र छत्तिशीचा, आणि त्याच्या पायांखालून अमेरिकेतील कितीतरी लहान गावे गेलेली.

फाउलरचे मूळ नाव जॉन जॅक्सन. जन्म १८५८ चा, न्यूयॉर्क राज्यातला. बालपण गेले कूपर्सटाउन या गावी, जेथे त्याचे वडील न्हाव्याचे काम करीत. १८७८ मध्ये मॅसॅच्युसेट्समधील लिन या गावच्या संघातून तो खेळला आणि आज ज्ञात असलेल्या नोंदींनुसार तो पहिला कृष्णवर्णीय व्यावसायिक बेसबॉलपटू ठरतो. त्यानंतरचा त्याचा प्रवास म्हणजे गौण लीगांचा चालता-बोलता नकाशा. १८८५ मध्ये तो आयोवातील किओकक या गावी होता. मोसम अर्ध्यावर असतानाच तेथली लीग मोडली. १८८७ मध्ये तो बिंगहॅम्टनमध्ये होता. तेथे सहकारी खेळाडूंनीच त्याच्याबरोबर मैदानात उतरण्यास नकार दिला आणि त्याला संघ सोडावा लागला. त्याच वर्षी १४ जुलैला इंटरनॅशनल लीगच्या संचालकांनी यापुढे कृष्णवर्णीय खेळाडूंचे नवे करार मंजूर करायचे नाहीत, असा ठराव केला. पुढच्या वर्षी दुसऱ्या एका लीगने असाच दरवाजा लावून घेतला, तेव्हा वेल्डी वॉकर या खेळाडूने लीगच्या अध्यक्षांना उद्देशून एक जाहीर पत्र लिहिले, आणि मार्च १८८८ मध्ये ‘स्पोर्टिंग लाइफ’ या साप्ताहिकाने ते छापले. वॉकरचा युक्तिवाद साधा होता: खेळाडूला बाहेर ठेवायचे असेल तर कौशल्य, वर्तन किंवा बुद्धी यांतली उणीव दाखवा; कातडीचा रंग हे कारण होऊ शकत नाही. अमेरिकेतील निबंधवाङ्मयाच्या संकलनांत या पत्राला जागा मिळायला हवी, असे आमचे मत आहे. ‘क्रीडाविषयक’ या खान्यात टाकल्यामुळे ते तेथपर्यंत पोचलेले नाही, हेही गौणत्वाचेच एक रूप.

येथे एक गोष्ट स्पष्टपणे सांगितली पाहिजे. ही बंदी कोणत्याही एका कायद्याने झाली नव्हती. ठराव, समजुती, कानगोष्टी, एखाद्या नामवंत खेळाडूचा मैदानात उतरण्यास नकार, यांतून ती हळूहळू विणली गेली. विणलेल्या कुंपणाचा गुण हाच, की त्यात कोणतीही एक तार दोषी म्हणून दाखवता येत नाही.

पेज फेन्स जायंट्सचा पहिला मोसम १८९५ चा. संघासाठी साठ फूट लांबीचा एक खासगी रेल्वेडबा सजवण्यात आला. त्यात झोपण्याची सोय, स्वयंपाकी आणि हरकाम्या. डब्याच्या बाजूंवर कंपनीची जाहिरात. गावात उतरल्यावर खेळाडू सायकलींवरून मुख्य रस्त्याने मिरवणुकीने मैदानाकडे जात. एका सायकल कंपनीचाही संघाला आश्रय होता, म्हणून ही मिरवणूक. या डब्याचे वर्णन सहसा वैभवाचे चिन्ह म्हणून केले जाते. ते वैभव होते, यात शंका नाही. लहान गावातल्या कुठल्याही संघाला स्वतःचा डबा स्वप्नातही दिसला नसता. पण तो डबा ज्या कारणासाठी आवश्यक होता, ते कारण वैभवाचे नव्हते. अनोळखी गावात कृष्णवर्णीय खेळाडूंना खोली आणि जेवण मिळेल याची खात्री नव्हती, म्हणून खाणावळ आणि धर्मशाळा रुळांवरून बरोबर न्यावी लागत होती. ते रुळांवर फिरत असतानाच, १८ मे १८९६ रोजी, अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ‘प्लेसी विरुद्ध फर्ग्युसन’ या खटल्याचा निकाल दिला आणि ‘वेगळे पण समान’ हे तत्त्व घटनामान्य ठरवले. तो खटला उभा राहिला होता, तो होमर प्लेसी हा लुइझियानातील एका रेल्वेगाडीत गोऱ्यांसाठी राखीव असलेल्या डब्यात बसला म्हणून. एका डब्यात बसल्याबद्दल अटक होते, आणि दुसरा डबा जाहिरातीसाठी रंगवून गावोगाव फिरवला जातो. हे दोन डबे एकाच देशात, एकाच दशकात होते, हे विसरून पेज फेन्स जायंट्सचा इतिहास वाचता येणार नाही.

पहिल्या मोसमात हा संघ ११२ गावांत खेळला. ११८ सामने जिंकला, ३६ हरला, २ बरोबरीत सुटले. सिनसिनाटीच्या नॅशनल लीग संघाशीही त्याने दोन सामने खेळले आणि ते दोन्ही गमावले. ते येथे सांगायलाच हवे, कारण आम्हांला पराभव लपवून स्तुतिस्तोत्र रचायचे नाही. १८९६ मध्ये त्या काळातील दुसऱ्या बलाढ्य कृष्णवर्णीय संघाशी, क्यूबन एक्स-जायंट्सशी, पंधरा सामन्यांची मालिका झाली आणि पेज फेन्सने त्यांतले दहा जिंकले. १८९७ च्या मोसमाचा हिशेब १२५ विजय आणि १२ पराभव असा दिला जातो. १८९८ हा शेवटचा मोसम. १८९९ मध्ये बहुतेक खेळाडू शिकागोच्या ‘कोलंबिया जायंट्स’ या नव्या संघात गेले आणि ॲड्रियनचे नाव या कथेतून पुसले गेले.

आता त्याच गावातील, त्याच वर्षातील दुसऱ्या संघाकडे वळू. १८९५ मध्ये ॲड्रियनचा आणखी एक संघ मिशिगन स्टेट लीगमध्ये खेळत होता. ही रीतसर मायनर लीग. म्हणजे गौण, पण नोंदवहीत असलेली. तोही फार जगला नाही, परंतु त्याच्या त्या एका मोसमाच्या खेळाडूंची यादी वाचण्यासारखी आहे. फाउलर त्या वर्षी जुलैमध्ये, स्वतः काढलेला संघ सोडून, या लीग-संघात आला. पेज फेन्सचा गोलंदाज जॉर्ज विल्सन हाही त्या मोसमात याच संघातून खेळला. आणि त्याच यादीत एकवीस वर्षांचा एक गोरा मुलगा आहे, जो त्या उन्हाळ्यात एका गावच्या संघातून दुसऱ्या गावच्या संघात उड्या मारत नशीब अजमावत होता. त्याचे नाव होनस वॅग्नर. बेसबॉलच्या इतिहासातील श्रेष्ठ खेळाडूंच्या कोणत्याही यादीत त्याचे नाव वरच्या काही ओळींत असते. १९३६ मध्ये ‘हॉल ऑफ फेम’साठी पहिले पाच मानकरी निवडले गेले, त्यांपैकी तो एक. फाउलरची निवड झाली डिसेंबर २०२१ मध्ये आणि समारंभ झाला २०२२ मध्ये. एका लहान गावाच्या एका अल्पायुषी संघाच्या एकाच यादीतली ही दोन नावे. त्यांच्या सन्मानांमध्ये शहाऐंशी वर्षांचे अंतर.

हे अंतर गुणवत्तेचे आहे, असे कोणी म्हणेल. वॅग्नर फाउलरपेक्षा श्रेष्ठ खेळाडू होता, हे आम्हीही मान्य करू. पण फाउलर किती श्रेष्ठ होता हे मोजण्याची संधीच ज्या व्यवस्थेने ठेवली नाही, तिने नंतर ‘पुरेसा पुरावा नाही’ असे म्हणावे, यातला अन्याय गुणवत्तेच्या भाषेने झाकता येत नाही. १८९५ नंतर फाउलरला रीतसर लीगमध्ये जागा मिळाली नाही. १९१३ मध्ये तो न्यूयॉर्क राज्यातील फ्रँकफर्ट या गावी गरिबीत वारला. त्याच्या थडग्यावर नाव नव्हते; बेसबॉलच्या अभ्यासकांच्या एका संस्थेने १९८७ मध्ये तेथे दगड बसवला.

गौणत्व हा कारकुनी शिक्का कसा असतो, हे आणखी एका संघाशेजारी पेज फेन्सला ठेवले म्हणजे अधिक उघड होते. १८९८ मध्ये, म्हणजे पेज फेन्सच्या शेवटच्या मोसमात, न्यूयॉर्क राज्यातील सेलरॉन या सरोवरकाठच्या गावी ‘ॲक्मी कलर्ड जायंट्स’ हा कृष्णवर्णीय संघ आयर्न अँड ऑइल लीगमध्ये उतरला. ही लीग रीतसर मायनर. संघाने ८ सामने जिंकले, ४१ हरले आणि जुलैमध्येच तो बंद पडला. नोंदवहीच्या दृष्टीने पाहिले, तर सेलरॉनचा हा दुर्दैवी संघ व्यावसायिक बेसबॉलच्या इतिहासाचा भाग आहे; आणि शंभराहून अधिक विजयांचे मोसम नावावर असलेला ॲड्रियनचा संघ त्या इतिहासाच्या बाहेर आहे, कारण तो कोणत्याही लीगचा सदस्य नव्हता. तो गौणही नव्हता. गौण म्हणवून घेण्यासाठी आधी कुंपणाच्या आत असावे लागते.

येथे दोन प्रकारच्या वाचनांपासून सावध राहावे, असे आम्हांला वाटते. पहिले वाचन आकडेवारीचे. ते म्हणते, पेज फेन्सचे विजय बहुतांशी गावोगावच्या हौशी संघांवर मिळवलेले आहेत, त्यांना फार महत्त्व देऊ नये. हा आक्षेप अर्धा खरा आहे. संघाने ज्या ११२ गावांना भेटी दिल्या, त्यांतील बरीच गावे दुकानदार, शेतमजूर आणि कारकून यांचे संघ उतरवीत, आणि अशा संघांविरुद्धच्या १२५ विजयांची तुलना नॅशनल लीगमधील विजयांशी करणे भाबडेपणाचे ठरेल. पण उरलेला अर्धा भाग असा, की बलाढ्य प्रतिस्पर्ध्यांशी नियमित खेळण्याचा मार्ग ज्या लीगांनी बंद केला, त्यांनीच निर्माण केलेली परिस्थिती पुढे संघाच्या दुबळेपणाचा पुरावा म्हणून मांडली जाते. कुंपणानेच शेत खावे आणि नंतर पीक आले नाही म्हणून शेतकऱ्याला दोष द्यावा, तसे हे आहे.

दुसरे वाचन अधिक सभ्य आणि म्हणून अधिक धोक्याचे. ते या संघाला ‘पूर्वपीठिका’ मानते. १९४६ मध्ये जॅकी रॉबिन्सन मॉन्ट्रियलच्या संघातून इंटरनॅशनल लीगमध्ये आला, १९४७ मध्ये ब्रुकलिनकडून मेजर लीगमध्ये खेळला. त्या प्रकाशाकडे जाणाऱ्या वाटेवरची पेज फेन्स ही एक मिणमिणती पणती, अशी ही मांडणी. वाङ्मयेतिहासात आपण हेच करतो. एखाद्या लेखकाला ‘अमक्या प्रवाहाचा अग्रदूत’ म्हटले, की त्याचे स्वतःचे लेखन वाचण्याची गरज संपते. त्याचे मोल पुढे येणाऱ्याच्या खाती जमा होते. फाउलर आणि जॉन्सन १९४७ ची तयारी करीत नव्हते. ते १८९५ च्या मे महिन्यात, संध्याकाळचा सामना जिंकण्याची तयारी करीत होते. पन्नास वर्षांनंतर काय होणार हे त्यांना ठाऊक नव्हते, आणि त्यांच्या डोळ्यांसमोर दारे उघडत नसून बंद होत होती. मागे वळून पाहणाऱ्याला जी पायरी दिसते, ती तेथे उभ्या असलेल्या माणसाला भिंत दिसत होती.

संघातील चार्ली ग्रँट याची कथा या दृष्टीने वाचावी. तो १८९६ पासून पेज फेन्सकडून दुसऱ्या बेसवर खेळे. १९०१ मध्ये अमेरिकन लीगमधील बाल्टिमोर संघाचा व्यवस्थापक जॉन मॅकग्रॉ याने त्याला आर्कान्सामधील हॉट स्प्रिंग्ज येथे पाहिले आणि तो इतका आवडला, की ‘चेरोकी’ जमातीचा आदिवासी म्हणून, ‘टोकोहामा’ असे नाव देऊन, त्याला मेजर लीगमध्ये आणण्याचा घाट घातला. शिकागो संघाचे मालक चार्ल्स कोमिस्की यांनी हरकत घेतली, बिंग फुटले आणि ग्रँट परत आपल्या जुन्या सोबत्यांकडे, कोलंबिया जायंट्सकडे आला. त्याचा खेळ मेजर लीगच्या तोडीचा होता, हे मॅकग्रॉच्या या लबाडीनेच सिद्ध केले. फक्त त्याचे नाव त्या तोडीचे नव्हते. साहित्यात टोपणनावांच्या इतिहासावर आपण प्रबंध लिहितो. हे एक टोपणनाव त्यात जोडून पाहावे.

मग या संघाचा इतिहास कशातून वाचायचा? खेळाडूंच्या रोजनिश्या नाहीत, पत्रव्यवहाराचे खंड नाहीत. उरतात ती गावोगावची वृत्तपत्रे आणि त्यांतील बॉक्स स्कोअर, म्हणजे सामन्याचा तपशील नोंदवणारे कोष्टक. हे कोष्टक रूढ करण्याचे श्रेय हेन्री चॅडविक या पत्रकाराला दिले जाते. त्या काळच्या गोऱ्या वृत्तपत्रांतून कृष्णवर्णीय संघांविषयीचे वृत्तांत अनेकदा थट्टेच्या, हिणकस सुरात लिहिलेले असत. पण वृत्तांताच्या खाली कोष्टक असे, आणि कोष्टकाला थट्टा करता येत नाही. वरच्या परिच्छेदात ज्याची खिल्ली उडवली, त्याच्या नावापुढे खालच्या रकान्यात तीन फटके असले तर तीनच छापावे लागत. एकाच पानावर गद्य आणि कोष्टक परस्परांशी भांडत असल्याचे हे दृश्य साहित्याच्या विद्यार्थ्याला मोलाचे वाटले पाहिजे. अर्थात कोष्टकही सर्वस्वी निष्पाप नसते. कोणते सामने छापायचे, कोणाची सरासरी वर्षाअखेरीस काढायची, हे ठरवणारा हात कुंपणाच्या आतलाच होता. अशा विखुरलेल्या नोंदी वेचून मिच लुट्झके यांनी या संघाचा पुस्तकरूप इतिहास प्रसिद्ध केला तो २०१८ मध्ये, संघ संपल्यानंतर एकशे वीस वर्षांनी.

त्याआधी आणखी एक पुस्तक झाले होते, आणि ते कुंपणाबाहेरच्या माणसाने लिहिले होते. १८९५ मध्ये पेज फेन्सकडून खेळलेल्या सॉल व्हाइट याने पुढे विल्बरफोर्स विद्यापीठात शिक्षण घेतले आणि १९०७ मध्ये फिलाडेल्फियातून कृष्णवर्णीय बेसबॉलचा पहिला इतिहास प्रकाशित केला. संघ, खेळाडू, मालक, वर्णरेषा कशी आखली गेली याची हकीकत, असे सारे त्या छोट्या पुस्तकात आहे. योगायोग असा, की त्याच वर्षाच्या शेवटच्या आठवड्यात बेसबॉलच्या उगमाचा शोध घेणाऱ्या एका प्रतिष्ठित समितीने आपला निष्कर्ष नोंदवला: हा खेळ ॲबनर डबलडे याने १८३९ मध्ये कूपर्सटाउन येथे निर्माण केला. डबलडे त्या वर्षी वेस्ट पॉइंट येथील सैनिकी विद्यालयात विद्यार्थी होता आणि या दाव्याला आधार असा काही नव्हता. इतिहासकारांनी तो केव्हाच निकालात काढला आहे. तरीही त्या दंतकथेच्या बळावर कूपर्सटाउनला १९३९ मध्ये हॉल ऑफ फेमचे संग्रहालय उभे राहिले. १९०७ मध्ये एक खरा इतिहास लिहिला गेला आणि एक खोटा. खोट्याला इमारत मिळाली. खऱ्याच्या मोजक्या प्रती उरल्या, आणि त्याचे पुनर्मुद्रण होण्यास विसाव्या शतकाची अखेर यावी लागली. व्हाइटचा हॉल ऑफ फेममध्ये समावेश झाला तो २००६ मध्ये. आणि ज्या कूपर्सटाउनला डबलडेने काही केले नव्हते, तेथेच पहिला कृष्णवर्णीय व्यावसायिक खेळाडू लहानाचा मोठा झाला होता. गावाने २०१३ मध्ये मैदानाकडे जाणाऱ्या एका रस्त्याला फाउलरचे नाव दिले.

मराठी वाचकाचे या प्रकरणाशी एक जुने नाते आहे, ते येथे नोंदवतो. जोतीराव फुले यांनी १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ हे पुस्तक प्रसिद्ध केले, तेव्हा ते अमेरिकेतील गुलामांच्या मुक्ततेसाठी झटलेल्या लोकांना अर्पण केले होते. पुण्यातून दिसणारी ती अमेरिका १८६५ च्या घटनादुरुस्तीची होती. चारच वर्षांनी, १८७७ मध्ये, दक्षिणेतील पुनर्रचनेचे पर्व संपले, आणि मुक्त केलेल्या माणसांभोवती नवी कुंपणे विणायला सुरुवात झाली. जोतीरावांच्या अर्पणपत्रिकेचे मोल त्यामुळे उणावत नाही. उलट, कायद्याने मुक्त झालेला माणूस प्रत्यक्षात खाणावळीत, गाडीच्या डब्यात आणि खेळाच्या मैदानात कसा अडवला जातो, हे पाहण्याची जबाबदारी त्या अर्पणपत्रिकेच्या वारसांवर येते. ॲड्रियनच्या संघाचा इतिहास मराठीतून वाचण्याचे आमच्यापुरते समर्थन एवढेच.

डिसेंबर २०२० मध्ये मेजर लीग बेसबॉलने १९२० ते १९४८ या काळातील सात ‘निग्रो लीगां’ना मेजर दर्जा दिला आणि मे २०२४ मध्ये त्यांची उपलब्ध आकडेवारी अधिकृत नोंदींत समाविष्ट केली. एका दिवसात कारकिर्दीच्या सरासरीच्या यादीत जॉश गिब्सन हा टाय कॉबच्या वर गेला. गिब्सनने त्या दिवशी एकही चेंडू टोलवला नव्हता. त्याला जाऊन सत्त्याहत्तर वर्षे झाली होती. बदलली होती ती नोंदवही. या निर्णयाचे स्वागत करतानाच हेही पाहावे लागते, की त्याची सीमारेषा १९२० ला आखलेली आहे. पेज फेन्स जायंट्स त्या रेषेच्याही अलीकडे राहतात. कुंपण हलवले गेले, काढले गेले नाही. आणि याच २०२० च्या अखेरीस मायनर लीग संघांची संख्या १२० वर आणण्यात आली, तेव्हा चाळीसहून अधिक गावांच्या संघांची मेजर लीगशी असलेली संलग्नता गेली. एका कागदाने गौण प्रमुख झाले, दुसऱ्या कागदाने गौण होते ते गौणही उरले नाहीत. मैदानावरचे गवत दोन्ही वेळी तेच होते.

आमचे म्हणणे सर्व संघ सारखे, सर्व कवी सारखे असे मुळीच नाही. तारतम्य हा टीकेचा प्राण आहे आणि तो सोडला तर उरते ती केवळ सहानुभूती. पण तारतम्य वाचनानंतर यावे. नोंदवहीतून तयार मिळालेले तारतम्य हा आळस आहे. ‘अल्पायुषी’ हा शब्द लिहिताना आयुष्य कोणी संपवले, हे त्याच वाक्यात लिहावे. ‘गौण’ लिहिताना कोणाच्या तुलनेत, आणि तुलनेला दोघांनाही मैदान मिळाले होते काय, हे विचारावे. ‘अग्रदूत’ लिहिताना त्या माणसाने स्वतः काय केले, याची एक तरी ओळ आधी लिहावी. एवढे केले तरी आपल्या वर्गांतील वाङ्मयेतिहासाची अनेक प्रकरणे नव्याने मांडावी लागतील.

ॲड्रियनच्या त्या संघाने चार उन्हाळ्यांत शेकडो सामने खेळले. कूपर्सटाउनच्या भिंतीवर आज त्याच्या एका संस्थापकाची कांस्य पाटी आहे. १८९५ मध्ये त्या माणसाला हवी होती ती पाटी नव्हे; त्याला कायम राहणारी एक लीग आणि दुसऱ्या दिवशीचा सामना हवा होता.